फोटो कुणी काढला?

नेत्याचा फोटो छापून आला की वाचक नेत्याकडे बघतात. मी आधी फोटोखालची बारीक ओळ शोधते. एका मराठी दैनिकात बरीच वर्षं रात्रपाळीला पान एक लावण्याचं काम केलं, त्यातून ही सवय लागली. संध्याकाळी सातपासून फोटो यायला लागायचे. एका सभेचे चाळीस-पन्नास. नेता हात उंचावून बोलतोय, घाम पुसतोय, शेजारच्याच्या कानाला लागलाय, जांभई देतोय, रिकाम्या खुर्च्यांकडे बघतोय. सगळे फोटो खरे आणि एकाच तासाभरातले. त्यातला एक पानावर जायचा आणि दुसऱ्या दिवशी साऱ्या जिल्ह्याला तो माणूस तसाच दिसायचा.

शब्दांवरून आमच्याकडे भांडणं व्हायची. मथळ्यात 'आरोप' लिहायचं की 'टीका', यावर डाक आवृत्तीची वेळ टळायची. फोटोवर कुणी एवढा वेळ घालवत नसे. मथळ्याला साजेसा चेहरा शोधायचा, ही डेस्कची जुनी रीत. पडलेल्या उमेदवाराचा कपाळावर हात टेकलेला फोटो काढायचा, मग तो सहा महिन्यांपूर्वीच्या एखाद्या लांबलेल्या सत्कार समारंभातला का असेना. खाली कंसात 'संग्रहित छायाचित्र' लिहिलं की झालं. तेही पुष्कळदा राहून जायचं. ही रीत वाईट होती आणि ती अजून गेलेली नाही.

तरी त्या काळात एक गोष्ट भक्कम होती. फोटो काढणारा माणूस नेत्याच्या पगारावर नव्हता. तो स्वतःच्या दुचाकीवरून सभेला जायचा, व्यासपीठाखाली पोलिसांशी हुज्जत घालून जागा मिळवायचा. रोलच्या दिवसांत तालुक्याचा फोटोग्राफर पाकीट एसटीच्या कंडक्टरकडे द्यायचा आणि आमचा शिपाई स्टँडवरून ते घेऊन यायचा. त्या पाकिटात काय निघेल हे नेत्याला ठाऊक नसे. आता संध्याकाळी नेत्याच्या कार्यालयाकडूनच व्हॉट्सअॅपवर चार फोटो येतात. उजेड नीट केलेला, गर्दी भरगच्च, खाली मजकूरही तयार. पन्नासांतून चार निवडण्याचं काम नेत्याच्या माणसांनी उरकलेलं असतं आणि आम्ही त्या चारांतून एक उचलतो. लोकांसमोर जाणारा चेहरा ठरवण्याचा अधिकार वर्तमानपत्रांनी असा हळूहळू, कुणीही न मागता, देऊन टाकला. मला त्याबद्दल बोलायचं आहे.

महाराष्ट्रात नेता आणि फोटो असा विषय निघाला की साताऱ्याचा पाऊस निघतोच. १८ ऑक्टोबर २०१९, शुक्रवार. विधानसभेच्या मतदानाला तीन दिवस राहिलेले. उदयनराजे भोसले राष्ट्रवादी सोडून भाजपमध्ये गेल्यामुळे सातारा लोकसभेची पोटनिवडणूकही विधानसभेसोबतच होती. पक्षातले मोठमोठे नेते एकामागून एक निघून गेले होते. आदल्याच दिवशी पंतप्रधानांची सभा साताऱ्यात झाली होती. अशा वेळी ७८ वर्षांचे शरद पवार बोलायला उभे राहिले आणि पाऊस कोसळू लागला. ते बोलत राहिले. लोकसभेला उमेदवार निवडण्यात आपली चूक झाली, हे त्यांनी त्याच भाषणात कबूल केलं. मागे काळोख, त्यात पावसाच्या तिरप्या रेघा, अंगाला चिकटलेला पांढरा शर्ट, समोर माइक. तो फोटो रात्री बारापर्यंत राज्यातल्या जवळपास प्रत्येक फोनवर पोचला होता.

त्या पोटनिवडणुकीत राष्ट्रवादीचे श्रीनिवास पाटील ८७ हजारांहून अधिक मतांनी निवडून आले. राज्यात राष्ट्रवादीच्या जागा ४१ वरून ५४ वर गेल्या. हे सगळं एका फोटोनं केलं, असं तेव्हा बरेच जण म्हणाले. मला ते पटत नाही. साताऱ्याच्या मतदाराला पवार कोण आहेत हे सांगायला फोटोची गरज नव्हती. साखर कारखाना, बाजार समिती, जिल्हा बँक, रयत शिक्षण संस्था अशा वाटांनी तो माणूस त्या जिल्ह्याला पन्नास वर्षं माहीत होता. फोटोनं त्या ओळखीला एक प्रसंग दिला. थकलेल्या कार्यकर्त्याला दुसऱ्या दिवशी सकाळी घराबाहेर पडायला कारण दिलं. हे फार मोठं काम आहे, पण आधी काहीच नसताना ते होत नाही.

त्या फोटोचं बळ कशात होतं? तो कुणी बसवलेला नव्हता. व्यासपीठाखाली कुणी कॅमेरा घेऊन उभं होतं, कुणी मोबाइल घेऊन. एकाच क्षणाचे वेगवेगळ्या कोनांतून काढलेले फोटो होते आणि ते सगळे एकच गोष्ट सांगत होते. त्या रात्रीचा कुठलाही फोटो निवडला असता तरी चाललं असतं. पुढे मात्र पावसातली सभा हा एक नमुनाच झाला. आभाळ भरून आलं की छत्री धरणाऱ्याला मागे सारायचं, भाषण चालू ठेवायचं, आणि समोर आपला कॅमेरावाला आधीच उभा. पाऊस तोच, भिजणंही खरं, पण पाहणाऱ्याला फरक कळतो. निदान पहिल्या चार-पाच वेळांनंतर तरी कळतो.

नेत्यांना कॅमेऱ्याचं भान आजच आलेलं नाही. वर्ध्याजवळच्या सेवाग्राम आश्रमात कनू गांधी नावाचा तरुण होता, गांधीजींच्या पुतण्याचा मुलगा. घनश्यामदास बिर्लांनी दिलेल्या शंभर रुपयांतून त्यानं रोलायफ्लेक्स कॅमेरा घेतला. गांधीजींनी त्याला तीन अटी घातल्या. फ्लॅश वापरायचा नाही, मला पोज द्यायला सांगायचं नाही आणि या उद्योगाला आश्रमाचा पैसा मिळणार नाही. या अटींवर तो १९४८ पर्यंत बापूंचे फोटो काढत राहिला. २२ फेब्रुवारी १९४४ रोजी पुण्यात आगाखान पॅलेसमध्ये कस्तुरबा गेल्या. त्यांच्या पार्थिवाशेजारी बसलेल्या गांधीजींचा कनूनं काढलेला फोटो ज्यानं पाहिलाय तो विसरणार नाही. तिथे महात्मा दिसत नाही, बायको गेलेला म्हातारा माणूस दिसतो.

गांधीजींना प्रतिमेचं महत्त्व कळत नव्हतं, असं मी म्हणणार नाही. पंचा, काठी, चरखा ही सगळी विचारपूर्वक स्वीकारलेली रूपं होती. पण त्या तीन अटी पुन्हा वाचून बघा. तिसरी सगळ्यांत महत्त्वाची आहे. पैसा माझा नाही, म्हणून तुझ्या नजरेवर माझी मालकी नाही. घरातल्याच मुलाला हे स्वातंत्र्य देणारा नेता आणि दहा-बारा जणांची 'मीडिया टीम' घेऊन दौऱ्यावर निघणारा आजचा आमदार, यांच्यातलं अंतर तंत्रज्ञानाचं नाही.

पुण्यातच १९४६ साली मार्गारेट बर्क-व्हाइट या अमेरिकी छायाचित्रकार बाईंनी गांधीजींचा चरख्यासोबतचा तो जगप्रसिद्ध फोटो काढला. आधी सूत कातायला शिका, मग फोटो काढा, असं त्यांना सांगण्यात आलं आणि त्या खरोखर शिकल्या. आठवणीतून सांगायला लावलं तर बहुतेक लोक म्हणतील, फोटोत गांधीजी सूत कातताहेत. ते कातत नाहीत. चरखा पुढे आहे आणि मागे ते गादीवर बसून कात्रणं वाचताहेत. फोटो मनात शिरताना आपण त्यात आपल्या श्रद्धेची भर घालतो, याचं याहून चांगलं उदाहरण मला माहीत नाही. २०१७ च्या जानेवारीत खादी व ग्रामोद्योग आयोगाच्या दिनदर्शिकेवर पंतप्रधान नरेंद्र मोदी चरख्यासमोर बसलेले छापले गेले, तेव्हा आयोगाच्या विलेपार्ल्याच्या मुख्यालयातल्या कर्मचाऱ्यांनी मूक निषेध केला. दिनदर्शिकेवर फक्त गांधीजीच असावेत असा नियम नाही, असं उत्तर आलं. नियम नसेलही. पण बसण्याची ती ठेवण कुठून आली हे त्या कर्मचाऱ्यांना पहिल्याच नजरेत कळलं होतं.

दिल्लीत त्या पिढीचं काम होमाई व्यारावाला यांनी केलं. नवसारीला जन्म, मुंबईच्या जे. जे. कला महाविद्यालयात शिक्षण, १९४२ मध्ये दिल्ली. नेहरूंना कॅमेरा आवडायचा आणि कॅमेऱ्यालाही ते आवडायचे. कबुतर उडवणारे नेहरू होमाईंनीच टिपले. आणि विमानतळावर 'छायाचित्रणास सक्त मनाई' अशा पाटीशेजारी उभे असलेले नेहरूही त्यांचेच. एकाच बाईनं काढलेले हे दोन फोटो शेजारी ठेवले तर माझं म्हणणं स्पष्ट होतं. पहिल्यात पंतप्रधानांना हवे तसे पंतप्रधान आहेत. दुसऱ्यात छायाचित्रकाराची स्वतःची नजर आहे. त्यांनी दोन्ही काढले, कारण त्या तिथे स्वतंत्रपणे उभ्या होत्या. १९७० मध्ये त्यांनी कॅमेरा ठेवून दिला. पद्मविभूषण मिळायला २०११ उजाडलं.

बसवलेला फोटो म्हणजे खोटा फोटो, असं मात्र कुणी समजू नये. बाबासाहेबांचे फोटो आठवा. कोट, टाय, चष्मा, खिशाला पेन. स्टुडिओत नीट बसून, कॅमेऱ्याकडे सरळ बघून काढलेले. ज्या समाजाला अंगभर चांगले कपडे घालायची चोरी होती, गावातून जाताना मान खाली घालावी लागत होती, त्या समाजातला माणूस सुटाबुटात ताठ बसून समोर बघतो, ही साधी गोष्ट नव्हती. तो पोशाख आणि ती बैठक हेच सांगणं होतं. १९३४ मध्ये दादरच्या राजगृहात काढलेला त्यांचा कुटुंबाचा फोटो आहे. रमाबाई, यशवंत, वहिनी लक्ष्मीबाई, पुतण्या मुकुंद आणि लाडका कुत्रा टॉबी. त्या फोटोत मला एक घर दिसतं, आणि ते घर कमावलेलं आहे.

हा चेहरा कुठल्या पक्षाच्या प्रचारविभागानं घरोघर नेला नाही. ६ डिसेंबरला चैत्यभूमीवर येणाऱ्या बायका मुलाबाळांना सांभाळत, रांगेत ताटकळून, परतताना स्टॉलवरून एक तसबीर घेतात. नागपुरात दीक्षाभूमीवर तेच. भिंतीला दुसरं काहीही नसलेल्या घरांत ती तसबीर असते. नेत्याची प्रतिमा त्याच्याकडून लोकांकडे जाते, असं आपण धरून चालतो. इथे लोकांनी आपल्या पैशानं, दरवर्षी, ती उचलून नेली. कुठल्याही हयात नेत्याच्या माहिती अधिकाऱ्याला हे साधलेलं मला ठाऊक नाही.

लोकांनी उचललेला आणखी एक फोटो जॉर्ज फर्नांडिस यांचा. मुंबईच्या कामगारांचे जॉर्ज, ज्यांनी १९६७ साली स. का. पाटलांना पाडलं होतं. आणीबाणीत बडोदा डायनामाइट खटल्यात त्यांना अटक झाली. साखळदंडातला हात वर उचललेला त्यांचा फोटो १९७७ च्या निवडणुकीत बिहारच्या मुझफ्फरपूरमध्ये भिंतीभिंतींवर लागला. उमेदवार तुरुंगात, मतदारसंघात पाऊलही टाकलेलं नाही आणि ते तीन लाखांहून अधिक मतांनी निवडून आले. बेड्या घालणाऱ्या सरकारला त्या फोटोत आपला विजय दिसला असेल. मुझफ्फरपूरच्या मतदारानं त्याचा उलटा अर्थ लावला.

नेत्याला नको असलेले फोटोही प्रतिमा घडवतात आणि मोडतात. २००८ साल आठवा. १३ सप्टेंबरला दिल्लीत बॉम्बस्फोट झाले. गृहमंत्री शिवराज पाटील चाकूरकर त्या एका संध्याकाळी तीन वेगवेगळ्या पोशाखांत दिसले. कुणी भाष्य करायचीही गरज पडली नाही, तीन चित्रं शेजारी ठेवणं पुरलं. नोव्हेंबरात मुंबईवर हल्ला झाला. मुख्यमंत्री विलासराव देशमुख ताज हॉटेलची पाहणी करायला गेले, तेव्हा सोबत मुलगा रितेश आणि दिग्दर्शक राम गोपाल वर्मा दिसले. थोड्याच दिवसांत दोघांनाही पद सोडावं लागलं. दोघेही लातूर जिल्ह्याचे, दोघांचाही राजकारणातला अनुभव दांडगा. त्यांना केवळ या दृश्यांमुळे जावं लागलं असं नाही. इतक्या मोठ्या हल्ल्यानंतर कुणाला तरी जावंच लागणार होतं. पण सरकार किती गंभीर आहे, या लोकांच्या प्रश्नाचं उत्तर त्या चित्रांनी कुठल्याही चौकशी समितीच्या आधी देऊन टाकलं.

आज असा प्रसंग घडला तर? पाहणीच्या जागी फक्त कार्यालयाचा माणूस आत जाईल. संध्याकाळी आपल्याला चार फोटो मिळतील. त्यांत नेता एकटा असेल, गंभीर असेल, अधिकाऱ्याला बोटानं काहीतरी दाखवत असेल. सोबत कोण होतं, ते आपल्याला कळणार नाही. २०१९ च्या ऑगस्टमध्ये सांगली-कोल्हापूरला महापूर आला, तेव्हा बोटीतून पाहणी करणाऱ्या मंत्र्याचं हसरं चित्रण बाहेर आलं आणि लोक संतापले. त्याच पुरात मदतीच्या धान्याच्या पाकिटांवर नेत्यांचे फोटो चिकटवलेलेही सापडले. पहिल्या प्रकारातून सगळ्याच पक्षांनी एक धडा घेतला: सोबतच्या माणसांचे मोबाइल आधी बंद करायचे. दुसऱ्यातून कुणी काही घेतल्याचं दिसलं नाही.

चेहऱ्यांची ही भूक आता किती वाढली आहे ते चौकात उभं राहिलं की कळतं. फ्लेक्सवर मधोमध वाढदिवसाचे 'भाऊ', वर देशपातळीवरचे नेते, मग गोलात राज्याचे, त्याखाली जिल्ह्याचे आणि तळाला शुभेच्छुकांची रांग. कुणाचा गोल केवढा, यावर रात्री उशिरापर्यंत डिझायनरच्या डोक्यावर बसून चर्चा चालते. मालमत्ता विरूपणाला आळा घालणारा कायदा राज्यात १९९५ पासून आहे. साताऱ्याच्याच सुस्वराज्य फाउंडेशनच्या याचिकेवर मुंबई उच्च न्यायालयानं ३१ जानेवारी २०१७ रोजी बेकायदा फलकांविरुद्ध सविस्तर निकाल दिला. फलक जिथल्या तिथे आहेत.

फोटो ही राजकीय मालमत्ता कशी झाली आहे, ते गेल्या काही वर्षांत आपण पाहिलं. १३ जून २०२३ रोजी तेव्हाचे मुख्यमंत्री एकनाथ शिंदे यांच्या शिवसेनेची पानभर जाहिरात आली. तिच्यात मोदी होते, शिंदे होते. देवेंद्र फडणवीस नव्हते आणि बाळासाहेब ठाकरेही नव्हते. एवढ्यावर सरकारात ताण आला आणि दुसऱ्याच दिवशी नवी जाहिरात छापून आली, तिच्यात बाळासाहेब, आनंद दिघे, फडणवीस सगळे हजर. त्याच जुलैत राष्ट्रवादी फुटली. परवानगीशिवाय माझा फोटो वापरू नका, असं शरद पवारांना सांगावं लागलं. २०२४ च्या मार्चमध्ये हा वाद सर्वोच्च न्यायालयात पोचला. शरद पवारांचं नाव आणि फोटो का वापरता, असं न्यायमूर्तींनी अजित पवार गटाला विचारलं. विधिमंडळातला पक्ष कुणाचा, चिन्ह कुणाचं, हे ठरवायला कायद्याची यंत्रणा आहे. चेहरा कुणाचा, हा प्रश्न त्या सगळ्यांच्या वर जाऊन बसला.

मला याहून जास्त राग येतो तो सरकारी पैशानं छापल्या जाणाऱ्या चेहऱ्यांचा. १३ मे २०१५ रोजी सर्वोच्च न्यायालयानं सांगितलं होतं की सरकारी जाहिरातींत राष्ट्रपती, पंतप्रधान आणि सरन्यायाधीश यांच्याखेरीज कुणाचा फोटो नको. राज्यांनी तक्रार केली आणि मार्च २०१६ मध्ये न्यायालयानं राज्यपाल, मुख्यमंत्री, मंत्री यांनाही वाट मोकळी करून दिली. ती सवलत द्यायला नको होती, असं माझं स्पष्ट मत आहे. रस्ता लोकांच्या पैशानं होतो, लस लोकांच्या पैशानं येते. करोनाच्या लसीच्या प्रमाणपत्रावर पंतप्रधानांचा फोटो कशासाठी, असं विचारत एक नागरिक केरळ उच्च न्यायालयात गेला. डिसेंबर २०२१ मध्ये याचिका फेटाळली गेली आणि त्यालाच एक लाखाचा दंड झाला. मला तो प्रश्न अजूनही रास्त वाटतो. एखादा पक्ष किंवा एखादा नेता याला अपवाद नाही. ज्यांनी ज्यांनी सत्ता चालवली त्या सगळ्यांनी हे केलं आहे.

आता माझ्या स्वतःच्या व्यवसायाबद्दल. वर्तमानपत्रांनी छायाचित्रकार कमी केले. जिल्ह्यात एखादा उरतो, त्याच्यावर सहा तालुके असतात. बातमीदाराला मोबाइलवर फोटो काढायला सांगितलं जातं; तो नोंदी घेईल की कोन शोधेल? मग नेत्याच्या कार्यालयाचा फोटो सोयीचा पडतो, दिसायला चांगला असतो आणि फुकट असतो. तो छापताना खाली काहीच लिहिलं जात नाही. वाचक समजतो, पेपरवाल्यानं काढलाय. माझा आक्षेप इथे आहे. नेत्यानं आपल्या प्रचारासाठी फोटो काढून घ्यावेत, तो त्याचा हक्क आहे. ते आमच्या नावावर खपवले जाऊ नयेत.

अमेरिकेत हा वाद उघडपणे झाला. नोव्हेंबर २०१३ मध्ये व्हाइट हाउस वार्ताहर संघटना आणि पस्तीसहून अधिक माध्यमसंस्थांनी ओबामा प्रशासनाला निषेधाचं पत्र लिहिलं. अध्यक्षांच्या कार्यक्रमांतून आम्हाला बाहेर ठेवायचं आणि मग सरकारी छायाचित्रकाराचे फोटो वाटायचे, हे चालणार नाही, असा त्याचा आशय होता. त्याच देशात कधीकाळी वर्तमानपत्रांनी उलटंही केलं होतं. पोलिओनं पाय गेलेले फ्रँकलिन रूझवेल्ट बारा वर्षं अध्यक्ष होते, पण चाकाच्या खुर्चीतले त्यांचे फोटो हाताच्या बोटांवर मोजण्याइतकेच आहेत, कारण छायाचित्रकारांनी ते न काढण्याचं मान्य केलं होतं. कुणी म्हणेल, सौजन्य होतं. देशाचा प्रमुख चालू शकत नाही आणि तरी देश चालवतो, हे लोकांना दिसलं असतं तर अपंग माणसाकडे बघण्याची दृष्टी किती आधी बदलली असती, हा विचार मला सोडत नाही.

आपल्याकडे एकजुटीचं असं पत्र निघालेलं माझ्या पाहण्यात नाही. निघायला हवं. मुंबई, पुणे, नागपूर, नाशिक, छत्रपती संभाजीनगर इथल्या छायाचित्रकारांच्या आणि पत्रकारांच्या संघटनांनी एकत्र बसून एवढं ठरवावं की ज्या सरकारी पाहणीत, बैठकीत किंवा दौऱ्यात स्वतंत्र छायाचित्रकाराला प्रवेश नाही, तिथला कार्यालयानं दिलेला फोटो पान एकवर लागणार नाही. आत लावायचाच झाला तर खाली स्वच्छ लिहायचं: 'हा फोटो अमुक यांच्या कार्यालयानं दिला आहे.' जुना फोटो असेल तर नुसतं 'संग्रहित' नको, महिना आणि वर्ष हवं. आणि आपल्या माणसानं काढलेला असेल तर त्याचं नाव हवं; गावोगावचे किती चांगले छायाचित्रकार निनावी राहून निवृत्त झाले, ते मी पाहिलं आहे. यंत्राकडून हवा तसा चेहरा आणि हवी तेवढी गर्दी बनवून घेता येते, अशा दिवसांत तर या ओळीवाचून फोटोवर विश्वास ठेवायला आधारच उरत नाही.

संपादक म्हणतील, जागा कुठे आहे? त्या ओळीला एका कॉलमात अर्धा सेंटिमीटर लागतो. मी पान लावलंय, मला माहीत आहे.

वाचकांना माझी एक विनंती आहे. उद्या सकाळी पेपर उघडाल तेव्हा पान एकवरच्या नेत्याच्या फोटोखाली काय लिहिलंय ते वाचा. कुणी काढला, कधी काढला, हे तिथे नसेल तर संपादकांना चार ओळींचं पत्र लिहा. मथळ्यातल्या एका चुकीच्या आडनावावर तुम्ही लिहिलेली पत्रं आमच्या टेबलावर येत होती आणि त्यांची दखल घेतली जात होती. फोटोबद्दलचीही घेतली जाईल.